उसनमत: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सांजकाठ हे माझं कल्पित जग आहे आणि उसनमत हे तिथल्या माणसांचं तत्त्वज्ञान. त्याबद्दल तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून उत्तरं एकदा एका जागी लिहून ठेवतो. जिथे "आपल्याकडे" म्हटलंय तिथे आपल्या खऱ्या जगातली गोष्ट समजावी. बाकी सगळं मी रचलेलं आहे.

उसनमत म्हणजे थोडक्यात काय?

उजेड उसना आहे. तो अंधाराकडून आणलेला आहे आणि आणला तसा परत द्यायचा आहे.

"उसनं" हा शब्द नीट धरा. कर्ज म्हटलं की व्याज आलं, कागद आला, तारण आलं. उसनं शेजारून आणतात. जेवढं आणलं तेवढं द्यायचं आणि जसं आणलं तसं द्यायचं. कोणी लिहून ठेवत नाही, पण कोणी विसरतही नाही. उसनमतातला अंधार सावकार नाही, शेजारी आहे. मी पहिल्या खर्ड्यात "ऋण" हा शब्द वापरला होता. तो काढला, कारण त्याबरोबर पाप, फेरे आणि मुक्ती हे सगळं सामान आपोआप आत यायला लागलं.

म्हणजे उजेड आणि अंधार यांचा समतोल, असंच ना?

नाही. हा गैरसमज सगळ्यात चिवट आहे. समतोल म्हटलं की तराजू येतो, दोन सारख्या ताकदी येतात आणि त्यांच्यामध्ये आपण शहाणे उभे. उसनमतात दोन्ही बाजू सारख्या नाहीत. एक देणारा आहे, दुसरी दिलेली वस्तू आहे. वाटी आणि वाटीतलं पीठ यांचा समतोल साधा, असं कोणी म्हणतं का?

मग अंधार चांगला आणि उजेड वाईट?

तेही नाही. उसनं आणण्यात लाज नाही. लाज बुडवण्यात आहे. या जगातल्या खलपुरुषांना म्हणूनच "बुडवे" म्हणतात. काळे झगे, थंड हसू, अंधाराचा सम्राट असलं काही शोधू नका. बुडव्याचं घर लांबूनही ओळखू येतं, कारण तिथला दिवा कधीच मालवलेला नसतो.

हा विचार त्या लोकांना सुचलाच कसा?

त्यांच्या आकाशामुळे. हे जरा सविस्तर सांगतो, कारण सगळी इमारत यावर उभी आहे.

चंद्राची एकच बाजू आपल्याला दिसते हे सगळ्यांना ठाऊक असतं. पृथ्वीभोवती एक फेरी घालायला त्याला सुमारे २७.३ दिवस लागतात आणि स्वतःभोवती फिरायलाही तेवढेच, म्हणून त्याचं तोंड कायम आपल्याकडे. पण ते तोंड अगदी स्थिर नसतं. चंद्राची कक्षा थोडी लंबगोल आहे. जवळ असताना तो कक्षेत वेगाने सरकतो, लांब असताना सावकाश. स्वतःभोवतीची गिरकी मात्र एकसारखीच राहते. त्यात त्याचा अक्षही किंचित कललेला आहे. त्यामुळे चंद्र आपल्याला मान हलवल्यासारखा दिसतो आणि अर्ध्याऐवजी त्याचा एकूण ५९ टक्के पृष्ठभाग कधी ना कधी दृष्टीस पडतो.

सांजकाठचा ग्रह त्याच्या सूर्याशी असाच जखडलेला आहे. एक बाजू कायम उन्हात, तिला काठकर "भट्टी" म्हणतात. दुसरी कायम अंधारात, ती "गारठा". दोन्हींच्या मधल्या चिंचोळ्या पट्ट्यात माणसं राहतात, तोच सांजकाठ. ग्रहाची मान हलते तेव्हा या पट्ट्यात सूर्य क्षितिजावर थोडा वर येतो, जरा थांबतो आणि जवळपास त्याच जागी खाली जातो.

त्याच जागी, हे महत्त्वाचं. आपल्याकडे सूर्य एकीकडे उगवतो आणि दुसरीकडे मावळतो, म्हणून आपल्याला तो प्रवासी वाटतो. त्याला रथ जोडावासा वाटतो, त्याच्या रात्रीच्या मुक्कामाची काळजी वाटते. काठकरांचा सूर्य ज्या डोंगराआडून येतो त्याच डोंगराआड परत जातो. तो कुठेही निघालेला नाही. आणलं आणि ठेवलं, एवढंच दिसतं. पिढ्यान्‌पिढ्या हे बघणाऱ्या माणसांच्या मनात "प्रवास" या शब्दाआधी "परत" हा शब्द येणार.

असं आकाश अगदीच अशक्य नाही. आपल्या सूर्यमालेत बुध त्याच्या स्वतःच्या दोन वर्षांत तीनदा स्वतःभोवती फिरतो, आणि त्याची कक्षा लंबगोल असल्यामुळे तिथल्या काही ठिकाणांहून सूर्य उगवून, पुन्हा खाली जाऊन, पुन्हा उगवताना दिसेल. तिथे तत्त्वज्ञ नाहीत हे आपलं नशीब.

एक "फेरा" म्हणजे किती वेळ?

आपले वीस दिवस. ग्रहाची मान एका प्रदक्षिणेत एकदा हलते, त्यामुळे तिथे दिवस आणि वर्ष या दोन वेगळ्या गोष्टीच नाहीत. "फेरा" हा एकच शब्द दोन्हीला पुरतो. पट्ट्याच्या मधोमध साधारण दहा दिवस सूर्य वर, दहा दिवस खाली.

परतफेड करायची म्हणजे नेमकं काय करायचं?

दिवा मालवायचा आणि अंधारात बसायचं.

किती वेळ, हा खरा प्रश्न. मोजून नाही. समोर बसलेल्याचा हात दिसू लागेपर्यंत. म्हणजे परतफेड अंधार पुरता होण्याने संपत नाही, अंधारात दिसायला लागलं की संपते. हा नियम मला डोळ्याने सुचवला. आपल्या डोळ्यात मंद उजेडात काम करणाऱ्या दंडपेशी असतात, सुमारे १२ कोटी. भर उजेडात आणि रंगांसाठी शंकूपेशी, त्या सुमारे ६० लाख. दंडपेशींमध्ये एक जांभळट द्रव्य असतं. उजेड पडला की ते विघटित होतं आणि अंधारात बसलं की पुन्हा तयार होतं. पूर्ण तयार व्हायला अर्धा तास किंवा थोडा जास्त वेळ लागतो. उजेडात ते खर्च होतं, अंधारात भरून येतं. हे वाचलं त्या दिवशी उसनमत मला निम्मं तयार मिळालं.

काठकरांना हे द्रव्य माहीत नाही. त्यांना इतकंच कळतं की घाईघाईने उठलेला माणूस उंबऱ्याला ठेच खातो. त्याला ते "अपुरं दिलं" म्हणतात.

दिवा कोण लावतं आणि कोण मालवतं?

लावायचा घरातल्या सगळ्यात मोठ्याने, मालवायचा सगळ्यात धाकट्याने. मालवण्याआधी धाकटं विचारतं, "झालं का आपलं?" मोठ्याने "झालं" म्हणायचं. काही राहिलं असेल तर तेही तेव्हाच सांगायचं: सुईत दोरा ओवायचा राहिलाय, बाळाचं अंग पुसायचं राहिलंय. मग धाकट्याने थांबायचं. पण मोठ्याने तीनदा "राहिलंय" म्हटलं तर चौथ्यांदा न विचारता फुंकर मारायचा हक्क धाकट्याला आहे. सांजकाठच्या घराघरांतली निम्मी भांडणं या चौथ्या फुंकरीवरून होतात.

"दिव्याखाली अंधार" ही म्हण तिथे आहे का?

आहे, पण टोमणा म्हणून नाही. आपण ती दुसऱ्याला शहाणपण शिकवणाऱ्या आणि स्वतःच्या घरात गोंधळ असणाऱ्या माणसावर फेकतो. त्यांच्याकडे ते साधं निरीक्षण आहे. दिवा अंधार घालवत नाही, तो सरकवतो. खोलीच्या मधोमध दिवा ठेवला की अंधार कोपऱ्यांत, पाठीमागे, भांड्यांच्या पोटात जाऊन बसतो आणि वाट बघतो.

ज्ञानाबद्दलही त्यांचं हेच म्हणणं. एखादी गोष्ट कळली म्हणजे तिथे दिवा लावला, आणि त्या दिव्यामुळे जे दिसेनासं झालं त्याची जबाबदारी लावणाऱ्यावर. म्हणून काठावरचा शिक्षक काही समजावून सांगितल्यावर विचारतो, "आता काय दिसेनासं झालं?" उत्तर आलं नाही तर धडा अर्धवट राहिला असं मानतात. आमच्या वेळी असा एखादा शिक्षक भेटला असता तर मी गणितात तरी बरा निघालो असतो.

सावली मागे राहते म्हणजे काय? ती चूक आहे का?

चूक नाही. सांजकाठात एकच अद्भुत गोष्ट आहे आणि ती हीच. माणूस उठून गेला तरी त्याची सावली दोन-तीन श्वास तिथेच राहते, मग विरते. पोरं एकमेकांच्या मागे राहिलेल्या सावलीवर उडी मारण्याचा खेळ खेळतात. चोरांना फार त्रास होतो.

आपल्याकडेही सावली मागे राहतेच, फक्त कळत नाही. प्रकाशाला वेग आहे, सेकंदाला २,९९,७९२ किलोमीटर. तो ठरावीक वेगाने जातो याचा पहिला पुरावा ओले रोमर या खगोलशास्त्रज्ञाने १६७६ मध्ये गुरूच्या उपग्रहाच्या ग्रहणांवरून दिला. तुम्ही भिंतीपासून एक मीटरवर असाल तर तुम्ही हललात हे भिंतीवरच्या सावलीला सुमारे ३.३ नॅनोसेकंद उशिरा कळतं. खग्रास सूर्यग्रहणात पृथ्वीवर पडलेली चंद्राची सावली चंद्राच्या सव्वा सेकंद मागे असते. सांजकाठात मी हा उशीर ताणलाय, इतकंच.

कसा ताणला हे विचारू नका. प्रकाशच इतका मंद केला तर त्या जगातलं बाकी काही शिल्लक राहणार नाही. आपल्याकडे १९९९ साली अतिथंड सोडियम अणूंच्या ढगातून जाणारा प्रकाशझोत सेकंदाला १७ मीटर इतका मंदावला होता, म्हणजे सायकलवाल्याने जोर लावला तर जवळपास गाठता येईल इतका. पण त्या ढगात कोणी घर बांधून राहत नाही. सावली मागे राहते, हे जसं आहे तसं घ्या.

धनीवादी आणि रिकामवादी यांच्यात वाद कसला आहे?

उसनमतातला सगळ्यात जुना वाद, आणि माझ्या मते सगळ्यात चवदार.

धनीवादी म्हणतात, अंधार ही वस्तू आहे. ती काळी दिसते, सरकते, कोपऱ्यात साठते, आणि माणूस निघून गेल्यावरही सावली म्हणून मागे राहते. जे मागे राहतं ते काहीतरी असलंच पाहिजे. तोच धनी, त्याच्याकडूनच उजेड आणला.

रिकामवादी म्हणतात, अंधार म्हणजे काहीच नाही. उजेड नसणं, एवढंच. सावली मागे राहत नाही, त्या जागी उजेड उशिरा येतो. येणाऱ्याच्या उशिराला तुम्ही राहणाऱ्याचं नाव देताय.

धनीवादी मग हसून विचारतात: बरं, काहीच नाही ना? मग उजेड उसना आणलात कोणाकडून? आणि परत कोणाला देताय?

इथे रिकामवाद्यांचं उत्तर येतं, आणि मी हे जग लिहायला घेतलं ते या उत्तरासाठी. ते म्हणतात, "कोणाकडूनच नाही. तरी द्यायचं." देणारा असेल तर परत करण्यात विशेष काय आहे? तो मागेल ही भीती असते, तो बघतोय ही लाज असते. समोर कोणी नसताना, कोणी मागणार नाही हे पक्कं माहीत असताना परत केलं तरच ते देणं. धनीवाद्यांना हा शुद्ध वेडेपणा वाटतो. दार नसलेल्या घराची कडी वाजवायची!

हा वाद भारतीय दर्शनांतून घेतलाय का?

मुद्दा घेतलाय, लपवायचं कारण नाही. वैशेषिक या दर्शनाच्या विचारवंतांनी नऊ द्रव्यं, म्हणजे मूळ पदार्थ, मानली: पृथ्वी, आप, तेज, वायू, आकाश, काल, दिशा, आत्मा आणि मन. त्यावर प्रश्न आला की तम, म्हणजे अंधार, हे दहावं द्रव्य का नको? भाट्ट मीमांसक, म्हणजे मीमांसा दर्शनातला एक पंथ, ते मानत होते, कारण अंधाराला काळा रंग दिसतो आणि तो हलताना दिसतो. ज्याला गुण आहे आणि क्रिया आहे ते द्रव्य. न्याय-वैशेषिकांचं उत्तर असं की रंग असलेली वस्तू बघायला डोळ्याला उजेड लागतो, अंधार मात्र उजेड नसतानाच "दिसतो", म्हणून तो रंगीत द्रव्य असू शकत नाही. तो तेजाचा अभाव आहे. आणि त्याचं हलणं? दिवा हलतो, आपल्याला अंधार हलल्यासारखा वाटतो.

उसनं, परतफेड आणि देणारा नसतानाचं देणं, हे मात्र त्या वादात नाही. तो भाग माझा, त्यातल्या चुकाही माझ्या.

वरचा काठ आणि खालचा काठ यात इतकं वैर का?

पट्टा चिंचोळा असला तरी सगळीकडे सारखा नाही. भट्टीच्या बाजूला सरकाल तसा सूर्य जास्त वेळ वर राहतो. तो "वरचा काठ". गारठ्याच्या बाजूला तो जेमतेम डोकं काढतो. तो "खालचा काठ". पीक वर येतं, ऊब वर मिळते, म्हणून पैसेवाले वर राहतात. आता उसनमताचा हिशेब लावा: ज्याच्या वाट्याला उजेड जास्त, त्याचं उसनं जास्त. म्हणजे वरच्या काठावरची श्रीमंत माणसं सगळ्यात जास्त देणेकरी.

ऐकायला हे क्रांतिकारक वाटतं. व्यवहारात काय झालं? खालच्या काठावरच्या उपाशी माणसाला सांगितलं गेलं, "तुझ्या डोक्यावर काही नाही बाबा, तू सुटलेला आहेस. आमचं ओझं बघ." उसनमताचा याहून लबाड उपयोग नाही, आणि तो वरच्या काठावरच्या सगळ्यात भाविक घरांतून होतो. हे मी मुद्दाम ठेवलंय. जो विचार गैरवापरासाठी वाकवता येत नाही, तो माणसांच्या जगात कधी राहिलेलाच नसतो.

त्यातूनच "बदली" निघाली. वरच्या काठावरच्या माणसाला तासन्‌तास अंधारात बसायला वेळ नाही. मग खालच्या काठावरून कोणाला तरी आणायचं, तळघरात बसवायचं आणि त्याने आपल्या नावाने परतफेड करायची. मोबदल्यात धान्य. बदली बसणाऱ्यांची आख्खी गावं आहेत. त्यांची पोरं अंधारात इतकी सराईत होतात की गारठ्याच्या सीमेवर शिकारीला जाणारे वाटाड्या म्हणून त्यांनाच नेतात.

बदली चालते का? धनीवादी म्हणतात, चालते. धन्याला आपलं परत मिळालं की झालं, आणून कोणी दिलं याच्याशी त्याला काय करायचंय? रिकामवादी म्हणतात, मुळीच नाही. घेणारा कोणी नाहीच, तर देणाऱ्याने स्वतः देणं एवढंच उरतं, आणि तेही तुम्ही भाड्याने दिलंत. बिनधन्याच्या मताचा व्यवहारात उपयोग काय असं विचारणाऱ्यांना मी इथे आणून सोडतो.

भट्टीत कायमच ऊन असतं. तिथलं उसनं कोण फेडतं?

उसनमतावरचा हा सगळ्यात जड आक्षेप आहे आणि त्याला पुरेसं उत्तर नाही. तिथे कोणी राहत नाही, म्हणून कोणी घेतलेलं नाही, असं काटेकोर मंडळी म्हणतात. मग उजेड घेणाऱ्याच्या डोळ्यात आहे की जमिनीवर पडलाय? यावर ते विषय बदलतात. मला हे भोक बुजवता आलं असतं. बुजवलं नाही.

ताऱ्यांबद्दल उसनमत काय म्हणतं?

"दुसऱ्यांची उसनवारी." त्यात आपण लक्ष घालायचं नाही.

रात्र काळी का, हा प्रश्न मात्र त्यांना पडत नाही, आणि आपल्याला पडायला हवा. विश्व अनंत असतं, सदासर्वकाळचं असतं आणि ताऱ्यांनी सारखं भरलेलं असतं, तर कुठेही नजर टाकली की शेवटी ती एखाद्या ताऱ्यावरच टेकली असती आणि आख्खं आकाश झगझगलं असतं. हा पेच हाइनरिश ओल्बर्स या खगोलशास्त्रज्ञाच्या नावाने ओळखला जातो. त्याने तो १८२३ मध्ये मांडला, पण केप्लरला तो त्याच्या दोनशे वर्षं आधी जाणवला होता. आज उत्तर असं दिलं जातं की विश्वाचं वय सुमारे १३८० कोटी वर्षं आहे, त्यामुळे फार लांबचा उजेड अजून आपल्यापर्यंत पोचलेलाच नाही. शिवाय विश्व पसरतंय, म्हणून लांबून येणारा उजेड ताणला जातो आणि फिका पडतो. म्हणजे रात्र काळी आहे कारण उजेड अजून वाटेत आहे. कुठलाही रिकामवादी हे वाक्य आपलं म्हणून सांगेल.

या मताच्या गुरूंची नावं कुठेच का नाहीत?

कारण ते नावं ठेवत नाहीत. नाव घेणं म्हणजे त्या माणसावर दिवा धरणं, आणि तो मालवायला नंतर कोण येणार? शिकवणारा गेला की त्याची वाक्यं राहतात, नाव परत दिलं जातं. मेलेल्या माणसाबद्दलही "गेला" असं न म्हणता "परत दिला" म्हणतात. वाचताना कोणाचं वाक्य कोणतं हे कळत नाही, ही तक्रार रास्त आहे. काठावरच्या विद्यार्थ्यांचीही तीच तक्रार असते.

माझ्या कथेत उसनमत वापरलं तर चालेल का?

खुशाल वापरा. काही खाचखळगे तेवढे सांगतो. पूर्व-पश्चिम लिहू नका, तिथे दिशा "भट्टीकडे" आणि "गारठ्याकडे" अशा आहेत, आणि पट्ट्याच्या लांबीला "डावा काठ", "उजवा काठ". "उजाडलं" आणि "मावळलं" नाही, "आलं" आणि "गेलं". "आज" आहे, पण "उद्या" या शब्दाला तिथे काही अर्थ नाही, "पुढच्या फेऱ्याला" म्हणा. तिथला सूर्य तांबूस आहे, तेव्हा रंगांचं वर्णन करताना जपून. आणि दंडपेशींना लाल उजेड फारसा जाणवत नाही, त्यांच्यातलं द्रव्य त्यात फारसं खर्च होत नाही, म्हणून काठकरांना अंधारात आपल्यापेक्षा लवकर दिसू लागतं. आपल्याकडचे आकाशनिरीक्षक रात्री लाल दिवा वापरतात ते याच कारणासाठी.

एकच कळकळीची विनंती: अंधारात बसल्यावर पात्राला शांती मिळाली, असं लिहू नका. काठकर अंधारात बसतात तेव्हा त्यांना कंटाळा येतो, पायाला मुंग्या येतात, बाजूच्याच्या घोरण्याचा राग येतो. देणं चुकतं करताना कोणाला कधी दिव्य वाटलंय?

तुम्ही स्वतः कोणत्या बाजूचे?

लिहायला बसलो तेव्हा रिकामवादी होतो. बदलीच्या गावांबद्दल लिहिताना आणखी पक्का झालो. पण मागे राहिलेली सावली लिहायची वेळ आली की दर वेळी हात धनीवाद्याचा होतो, सावलीचं वर्णन वस्तूसारखंच उतरतं. भाषा धनीवादी आहे, बहुतेक. अंधार "पडतो", "दाटतो", त्यात माणूस "चाचपडतो". काहीच नसलेल्या गोष्टीला इतकी क्रियापदं कशाला लागतात?

परतफेड स्वतः करून पाहिली आहे का?

पाहिली. दाराखालच्या फटीला टॉवेल लावला, पडदे ओढले, बसलो. पहिली दहा मिनिटं काहीच नाही, फक्त मिटल्या डोळ्यांसारखं करडं. मग फोन चार्जरचा हिरवा ठिपका वाढायला लागला. तो ठिपका मी वर्षभर रोज बघत होतो, पण त्याच्यामुळे भिंतीवर माझ्या खुर्चीची सावली पडते हे त्या दिवशी कळलं. त्याच्यावर चिकटपट्टी लावून पुन्हा सुरुवातीपासून बसलो. सत्ताविसाव्या मिनिटाला दिसला तो स्वतःचाच हात, कारण समोर बसायला कोणी तयार झालं नव्हतं.